खुनशी नव्हती हो, कंबर धरली होती

आमची मांजर ठकी 13 वर्षांची. काही महिन्यांपूर्वी ती तिचा शी-शूचा ट्रे सोडून ट्रेच्या शेजारी लघवी करायला लागली आणि उचलायला गेलं की फिस्कारायची. आधीच्या दवाखान्यात (नाव लिहीत नाही, भांडायची हौस नाही) तिला मानगूट धरून बाहेर ओढलं, दोन मिनिटांत ‘वय झालं, त्यात मांजराची जात खुनशी’ असा निकाल दिला आणि मन शांत करणारा स्प्रे हातात ठेवला. मी तो इमानेइतबारे मारला. सोफ्याला वास लागला, ठकी होती तशीच.

मग हा दुसरा दवाखाना, ज्याच्याबद्दल हे लिहितेय. फोन उचलणाऱ्या मुलीनंच पहिल्यांदा विचारलं, ‘बोका की भाटी? लघवी होतेय ना, की नुसती कुंथतेय?’ बोक्याची मूत्रनलिका अरुंद असते, ती तुंबली तर त्याला त्याच दिवशी आणावं लागतं, म्हणून हा प्रश्न. भाटी आहे आणि लघवी होतेय म्हटल्यावर मला पाच दिवसांनंतरची वेळ मिळाली. येताना घरातल्या हालचालींचे व्हिडिओ आणा, असंही तिनं बजावलं.

डॉक्टर चक्क जमिनीवर बसल्या. कॅरियरचं, म्हणजे ठकीला आणलेल्या पेटीचं, वरचं झाकण काढलं आणि ठकीकडे न बघता माझ्याशी बोलत राहिल्या. दहा मिनिटांनी ठकीबाई स्वतःहून बाहेर आल्या, खिडकीखाली जाऊन वर बघितलं, मागचे पाय दोनदा जुळवले आणि उडी न मारताच बसल्या. ‘घरी पण अशीच मोजत बसते का?’ डॉक्टरांनी विचारलं. बसते की! मला वाटायचं, विचार करतेय.

मग शेपटीच्या मुळाशी केसांच्या गुठळ्या दाखवल्या. मी तिला आळशी म्हणत होते, पण चाटायला पाठ वळतच नव्हती. व्हिडिओत तर सगळं उघडंच होतं: पुढचे पाय ट्रेत, मागचे बाहेर. ट्रेचा काठ तिला ओलांडता येत नव्हता. म्हणजे ती ट्रेपर्यंत रोज नेमानं जात होती, आणि मी तिला घाणेरडी म्हणत होते.

तरी डॉक्टर तिथंच थांबल्या नाहीत. मूत्रपिंडाचा आजार आणि मधुमेह यांत लघवी वाढते, आणि वयस्कर मांजराचं थायरॉइड वाढलं तर ते चिडकंही होतं. म्हणून रक्त, लघवी, रक्तदाब असं सगळं तपासलं. ते ठीक निघालं. एक्स-रेत कंबर आणि दोन्ही खुबे झिजलेले. 2002 च्या एका अभ्यासात 12 वर्षांवरच्या 100 मांजरांचे एक्स-रे तपासले, तेव्हा 90 जणांत सांध्यांची झीज सापडली होती, हे त्यांनीच सांगितलं.

भिंतीवर मांजराच्या चेहऱ्यावरून वेदना ओळखायचा तक्ता आहे: कान, डोळे, तोंडाचा ताण, मिशा आणि डोक्याची ठेवण, प्रत्येकी 0 ते 2 गुण. मी हौसेनं ठकीला लावून बघायला गेले. डॉक्टर हसल्या. तो अचानक उठलेल्या दुखण्यासाठी. जुनं दुखणं तिच्या उड्यांत बघा म्हणाल्या.

औषध त्यांनी तपासणीनंतरच लिहिलं आणि माणसांचं पॅरासिटामॉल चुकूनही देऊ नका, मांजर दगावतं, असं दोनदा सांगितलं. ट्रेची एक बाजू कापून काठ बोटभर केला, सोफ्याला पायरी लावली. तिसऱ्या आठवड्यात ट्रेशेजारची लघवी बंद. उचललं की अजून कुरकुरते, पण फिस्कारत नाही.

अर्धा तारा कापते तो बाहेरच्या खोलीसाठी. कुत्री-मांजरं एकत्र बसवतात; शेजारच्या लॅब्राडॉरनं कॅरियरला नाक लावलं आणि पुढची पंधरा मिनिटं ठकीच्या शेपटीचा ब्रश झाला होता. इतक्या वर्तन ओळखणाऱ्या लोकांना हे दिसू नये? आता मी गाडीतच थांबते, नंबर आला की तीच मुलगी फोन करते.