निलंबनाला आव्हान : खात्यात अपील की मॅटमध्ये अर्ज?

निलंबनाचा आदेश हाती पडल्यावर मराठवाड्यातील राज्य शासकीय कर्मचाऱ्यापुढे दोन मार्ग असतात : वरिष्ठ प्राधिकाऱ्याकडे अपील करणे, किंवा महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, म्हणजे मॅटच्या, छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठापुढे मूळ अर्ज दाखल करणे. उच्च न्यायालयात थेट जाता येत नाही, एल. चंद्रकुमार प्रकरणातील १९९७ च्या निकालानुसार आधी न्यायाधिकरण आणि त्याच्या निर्णयानंतर उच्च न्यायालयाचे द्विसदस्यीय पीठ, असा क्रम आहे. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांना व ग्रामसेवकांना मात्र मॅट लागू नाही. त्यांनी आपल्या १९६४ च्या जिल्हा परिषद शिस्त व अपील नियमांखालील अपिलाचा विचार करून उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे पाहावे.

दोन्ही ठिकाणी विचारला जाणारा प्रश्न वेगळा आहे, आणि निवड करताना हेच सर्वांत आधी ध्यानात घ्यावे. अपील प्राधिकारी निलंबनाची गरज होती का, बदली करून भागले असते का, हे पाहू शकतो. न्यायाधिकरण आपला विवेक प्राधिकाऱ्याच्या जागी ठेवत नाही. आदेश सक्षम प्राधिकाऱ्याने काढला का, १९७९ च्या शिस्त व अपील नियमांतील नियम ४ मध्ये बसणारे कारण होते का, आकसाने कारवाई झाली का, एवढेच ते तपासते. निलंबन ही शिक्षा नव्हे, ही भूमिका सर्वोच्च न्यायालयाने बिमलकुमार मोहंती प्रकरणात १९९४ मध्ये मांडली आहे. त्यामुळे ‘मी पैसे घेतलेच नाहीत’ हे सिद्ध करण्यासाठी मॅटच्या अर्जात पाने खर्च करणे व्यर्थ होय. ते विभागीय चौकशीत सांगावे.

वेळेचा हिशेबही वेगळा आहे. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम २० प्रमाणे खात्यातील उपाय संपवल्याशिवाय न्यायाधिकरण सामान्यतः अर्ज स्वीकारत नाही, आणि अपिलावर सहा महिने निर्णय न झाल्यास तो उपाय संपला असे मानले जाते. ‘सामान्यतः’ या शब्दात थोडी मोकळीक आहे. आदेश काढणाऱ्याला अधिकारच नसेल, तर लगेच मॅटकडे जाण्याचा आग्रह धरता येतो. इतर प्रकरणांत आधी अपील केलेले बरे, असे माझे मत आहे, कारण अपील नसल्याचा आक्षेप शासनाच्या बाजूने पहिल्याच सुनावणीत घेतला जाऊ शकतो.

खरा निर्णायक टप्पा नव्वदाव्या दिवसाचा. अजयकुमार चौधरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १६ फेब्रुवारी २०१५ रोजी म्हटले, की तीन महिन्यांत दोषारोपपत्र (म्हणजे आरोपांची लेखी यादी) बजावले नाही तर निलंबन त्यापुढे चालू ठेवू नये, आणि बजावले असेल तर मुदतवाढीचा आदेश सकारण असावा. महाराष्ट्र शासनाने ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयाद्वारे हेच स्वीकारले. तेव्हा नव्वद दिवस उलटूनही दोषारोपपत्र हाती नसलेल्या तलाठ्याने, समजा तो बीड जिल्ह्यातला आहे, प्रथम निलंबन मागे घेण्याचे लेखी निवेदन शासन निर्णयाचा दाखला देऊन सक्षम प्राधिकाऱ्याकडे द्यावे, त्याची पोच जपावी आणि दाद न मिळाल्यास मॅट गाठावे. येथे मॅटची बाजू अपिलापेक्षा निश्चित भक्कम आहे, कारण मुद्दा तारखांचा असतो, आरोपाच्या खरेखोटेपणाचा नसतो.

पण एक सावधगिरी बाळगावी. २०११ पासून निलंबित असलेल्या त्याच चौधरींना, दरम्यान दोषारोपपत्र मिळाल्यामुळे, त्या निर्देशांचा लाभ मिळाला नाही. म्हणून मुदत टळताच हालचाल करावी. लाचलुचपतीच्या सापळ्यात अटक होऊन अठ्ठेचाळीस तासांहून अधिक कोठडी झाली असल्यास निलंबन मानीव असते, म्हणजे ते आपोआप झाले असे धरले जाते, आणि तेथे केवळ नव्वद दिवसांवर विसंबू नये. निलंबन आढावा समितीपुढे प्रकरण ठेवण्याची मागणी सोबत करावी.

दोन्ही मार्गांत निर्वाह भत्ता चालूच राहतो : पहिले तीन महिने अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका, त्यानंतर तो वाढवता किंवा कमी करता येतो. विलंब कर्मचाऱ्यामुळे झालेला नसेल तर वाढ मागावी. अनेक जण ती मागतच नाहीत आणि वर्षभर अर्ध्या पगारावर घर चालवतात, हे पाहून वाईट वाटते. आणि दोषारोपपत्राला उशीर झाल्यामुळे निलंबन मागे घेतले म्हणजे मधल्या काळाचा पूर्ण पगार मिळालाच, असे होत नाही. तो प्रश्न निलंबन काळातील वेतनाबाबतच्या १९८१ च्या नियमांखाली वेगळ्या आदेशाने सुटतो, आणि निलंबन पूर्णतः असमर्थनीय होते असे ठरले तरच पूर्ण वेतनाचा हक्क निर्माण होतो.