जुन्या गाण्यांचा प्लेअर: खास सुरैयाच्या गाण्यांसाठी घेतला, आता थंडी आली

हजारो जुनी गाणी भरलेला हा प्लेअर पावसाळ्याआधी घेतला. तेव्हापासून घरात रोज वाजतोय.

आधी आवाज. बास बेताचाच आहे. पण १९४८-५० च्या रेकॉर्डिंगमध्ये तो तसाही कमीच होता, त्यामुळे गळा स्वच्छ पुढे येतो. 'अफसर'मधलं 'मनमोर हुआ मतवाला' लावा. सचिनदांची (संगीतकार एस. डी. बर्मन) चाल आणि गायिका-अभिनेत्री सुरैयाची ती सहज घेतलेली तान, पहिल्याच ओळीत पैसे वसूल!

मला हवी होती ती देव आनंद आणि सुरैयाच्या काळातली गाणी. 'विद्या' (१९४८) पासून १९५१ पर्यंत दोघांनी सात चित्रपट केले. ती तेव्हा मोठी स्टार होती, तो पुण्याच्या प्रभातमधून 'हम एक हैं' करून आलेला नवखा. 'विद्या'च्या एका गाण्याच्या चित्रीकरणात नाव उलटली आणि त्यानं तिला पाण्यातून बाहेर काढलं. पुढे धर्म वेगळा म्हणून तिच्या आजीनं लग्नाला ठाम नकार दिला. त्यानं १९५४ मध्ये कल्पना कार्तिकशी लग्न केलं, हिनं कधीच केलं नाही. २००४ मध्ये ती मुंबईतच गेली.

हे सगळं माहीत होतं. पण रोज ऐकताना एक गोष्ट जाणवत गेली. 'लाई खुशी की दुनिया'त देवच्या वाट्याला मुकेशचा आवाज आहे, सुरैया मात्र स्वतः गाते. पडद्यावरच्या त्या प्रेमात तिचा आवाज तिचाच आहे. म्हणून तिच्या ओळी आल्या की मी हातातलं काम थांबवतो. नर्गिस किंवा मधुबालाच्या गाण्यांत हे मिळत नाही, तिथे गळा दुसरीचा असतो.

आता तक्रारी. कलाकारानुसार बटण आहे, पण सुरैयाच्या नावाखाली फक्त एकल गाणी येतात, द्वंद्वगीतं मुकेशच्या यादीत शोधावी लागतात. पडद्यावर चित्रपटाचं नाव दिसतं, साल दिसत नाही. 'नीली' आणि 'सनम'ची गाणी तर नाहीतच, ती मी पेनड्राइव्हवर घालून लावतो. बॅटरी सुरुवातीइतकी टिकत नाही आणि आवाजाचं चाक थोडं सैल झालंय.

सुरैया मनापासून आवडत असेल तर जरूर घ्या, पेनड्राइव्हची तयारी ठेवून. नुसतीच जुनी गाणी हवी असतील तर मोबाइल आणि एखादा बरा स्पीकर पुरेल.