'प्लायकेट' म्हणजे नुसतं 'दुमडलेला'? वर्षभर वापरलेल्या एका डिक्शनरी ॲपबद्दल

गेल्या जूनमध्ये पैसे भरून एक इंग्रजी-मराठी डिक्शनरीचं ॲप घेतलं होतं. आता वर्ष होत आलंय आणि रिन्यू करा, रिन्यू करा असे मेसेज रोज यायला लागलेत, म्हणून म्हटलं काय तो अनुभव एकदा लिहूनच टाकू. ॲपचं नाव देत नाही. स्टार द्यायचेच तर पाचातले दोन, आणि ते दोन का आणि उरलेले तीन का कापले ते सांगते.

चांगलं आधी. ऑफलाइन चालतं, आणि आमच्याकडे कोकणात पावसाळ्यात लाईट गेली की रेंजपण जाते त्यामुळे याला माझ्या लेखी खूप किंमत आहे. अक्षर मोठं करता येतं, शोधलेले शब्द साठवून ठेवतं, जाहिराती नाहीत. बँकेचं पत्र, औषधाच्या डबीवरचा मजकूर, मुलाच्या सातवीच्या विज्ञानातले शब्द, असल्या रोजच्या कामाला कधी अडलं नाही.

पण मी ते घेतलं होतं वेगळ्याच कामासाठी. पावसाळ्यात आम्ही काहीजण शाळेतल्या मुलांना सड्यावर (म्हणजे जांभ्या दगडाच्या उघड्या माळावर) आणि खालच्या रानात झाडं दाखवायला नेतो, त्यासाठी दोन पानांचं मराठी माहितीपत्रक मी बनवते. माहिती सगळी इंग्रजी फ्लोरामधून, म्हणजे झाडांची शास्त्रीय वर्णनं देणाऱ्या पुस्तकांमधून, घ्यावी लागते आणि त्या पुस्तकांची भाषा म्हणजे एकेका ओळीत दहा विशेषणं. काळी मुसळी नावाच्या एका छोट्या रानवनस्पतीचं वर्णन वाचत होते, तिथे पानांसाठी शब्द आला 'प्लायकेट' (plicate). ॲपमध्ये टाकला. उत्तर आलं, 'दुमडलेला, घडी घातलेला'. बस्स, एवढंच. वाक्यात वापर नाही, कुठल्या विषयातला शब्द आहे ते नाही, चित्र तर नाहीच. स्पीकरचं बटण दाबलं तर उच्चार 'प्लिकेट' असा, तोही चुकीचा.

मी विश्वास ठेवला आणि पत्रकात लिहिलं, 'काळ्या मुसळीची पानं दुमडलेली असतात, शोधा पाहू.'

पंचवीस एक मुलं रानात पांगली. दहा मिनिटांनी एक मुलगी धावत आली, हातात लाजाळूची फांदी, सगळ्या पानांनी माना टाकलेल्या, आणि म्हणाली, "मॅडम, ही बघा दुमडलेली!" तिचं काहीच चुकलं नव्हतं. मी जे लिहिलं होतं ते तिने बरोब्बर शोधून आणलं होतं. दुसऱ्या एकाने आपट्याचं पान आणलं, मधल्या शिरेवर पुस्तकासारखं मिटलेलं. आणि काळी मुसळी त्यांच्या पायापाशीच होती, जमिनीलगत सहा पाकळ्यांची पिवळी चांदणीसारखी फुलं घेऊन, पण तिची पानं कोणाला दुमडलेली वाटेचनात, कारण ती तशी नसतातच. मला त्या दिवशी फार वाईट वाटलं. मुलं चिखल तुडवत एवढ्या लांब आली आणि आपण त्यांच्या हातात चुकीचा शब्द दिला याचं.

मग मी ते पान नीट हातात घेऊन बघितलं. लांबट, दोन्हीकडे निमुळतं, माडाचं रोप नुकतं उगवल्यावर दिसतं ना साधारण तसं. देठापासून टोकापर्यंत उभ्या चुण्या, एक वर एक खाली, एक वर एक खाली. दोन अंगठ्यांनी बाजूला ताणलं की पान रुंद होतं, चुण्या सपाट होतात, मधला फिकट हिरवा रंग दिसतो, आणि सोडलं की पुन्हा आपसूक मिटून जागेवर. कोणी घडी घातलेली नाही, ते पान वाढतानाच तसं वाढलंय. प्लायकेट म्हणजे हे! हातपंखा मिटताना जशा पट्ट्या पडतात तसं, लांबीच्या दिशेने, अनेक, एकमेकींना समांतर. नुसतं एकदाच दुमडलेलं असेल तर ते प्लायकेट नाही.

रात्री रेंज आली तेव्हा मेरियम-वेबस्टर या अमेरिकन इंग्रजी डिक्शनरीच्या साईटवर बघितलं (फुकट आहे). तिथे दोन अर्थ वेगवेगळे दिलेत, एक पंख्यासारखं लांबीत घड्या पडलेलं, पान वगैरे, आणि दुसरा, ज्याच्या पृष्ठभागावर समांतर उंचवटे आहेत असं. म्हणजे फक्त पानांसाठीच नाही, शिंपल्यांसाठी आणि किड्यांच्या पंखांसाठीपण हा शब्द चालतो. उच्चारही ऐकायला मिळतो, प्लायकेट. एवढं एका ओळीत मावतं हो, मग पैसे घेऊन दिलेल्या ॲपमध्ये का मावू नये?

वापराबद्दल पण सांगते, कारण हे कुठलंच ॲप सांगत नाही आणि गोंधळ इथेच होतो. रोजच्या इंग्रजीत हा शब्द कोणी बोलत नाही. स्कर्टच्या किंवा साडीच्या निऱ्यांना ते लोक 'प्लीटेड' म्हणतात, कपाटातल्या शर्टाला 'फोल्डेड', मिटवता येणाऱ्या खुर्चीला 'फोल्डिंग'. 'प्लायकेट' हा वनस्पतीशास्त्राचा, प्राणीशास्त्राचा शब्द. डॉक्टर लोकांकडे त्याचं भावंडं आहे, पोटाच्या किंवा इतर कुठल्या ऑपरेशनमध्ये एखादा भाग चुणी घेऊन टाके घालतात त्याला 'प्लिकेशन' म्हणतात, आणि गळ्यातल्या स्वरतंतूचं लॅटिन नाव 'प्लिका व्होकॅलिस', म्हणजे आवाजाची घडी. नर्सरीत जांभळ्या फुलांचं ग्राउंड ऑर्किड मिळतं बघा, आता कोकणात गोव्यात बऱ्याच अंगणांत दिसतं, त्याचं शास्त्रीय नाव स्पॅथोग्लॉटिस प्लिकाटा, आणि का ते पान बघितलं की लगेच कळतं.

मूळ लॅटिन क्रियापद 'प्लिकारे', म्हणजे घडी घालणे. त्यातून आलेले शब्द आपण दिवसभर वापरतो. डुप्लिकेट म्हणजे दुहेरी घडी, कॉम्प्लिकेटेड म्हणजे सगळ्या घड्या एकात एक गेलेलं. आणि मला सगळ्यात आवडलेला 'एक्स्प्लिकेट', म्हणजे घडी उघडून दाखवणे, म्हणजेच समजावून सांगणे. आपणही साडीची घडी उलगडतो आणि कोडंही उलगडतो, तेच क्रियापद. दोन्ही भाषांना तीच गोष्ट सुचली हे बघून मी खूप वेळ तशीच बसून राहिले होते.

आता मराठीकडे येते, कारण माझा खरा राग इथे आहे. आपल्याकडे घडीसाठी शब्दांचा तोटा आहे का? पानाचा कोपरा दुमडतात. चादरीची घडी घालतात. करंजीला मुरड घालतात. घडीच्या पोळीला पदर सुटतात. म्हाताऱ्या हाताला सुरकुत्या पडतात. झग्याला चुण्या असतात आणि लुगड्याला निऱ्या. यातला एक शब्द दुसऱ्याच्या जागी ठेवला तर कुठलीही आजी लगेच टोकेल. एवढं भांडार समोर असताना सगळ्याला 'दुमडलेला' हा एकच शिक्का मारणं म्हणजे मराठीला कमी लेखणंच झालं असं मला वाटतं.

मोल्सवर्थची मराठी-इंग्रजी डिक्शनरी आठवा, पहिली आवृत्ती 1831ची, दुसरी वाढवलेली 1857ची. ती शिकागो युनिव्हर्सिटीच्या डिजिटल साउथ एशिया लायब्ररीच्या साईटवर फुकट शोधता येते. (गंमत म्हणजे अमेरिकेतली मेरियम कंपनीपण 1831चीच.) मोल्सवर्थ उलट्या दिशेने जातो, मराठीतून इंग्रजीत, पण त्यात इंग्रजी अर्थाच्या बाजूनेही शोधता येतं, तिथे मी घडी, चुणी, पदर असे शब्द धरून धरून एक संध्याकाळ घालवली. पावणेदोनशे वर्षांपूर्वी माणसांनी एकेका शब्दामागे जेवढा जीव लावला तेवढा आजच्या ॲपवाल्यांनी निदान पैसे घेतलेल्या शब्दांना तरी लावावा.

मग 'प्लायकेट'ला मराठीत काय म्हणायचं? आधी मी 'निऱ्यांचं पान' लिहिलं. आईला वाचून दाखवलं. ती नऊवारी नेसते अजून, निऱ्या घालताना अंगठा आणि तर्जनी यांच्यामध्ये कापड पुढे मागे, पुढे मागे असं सरकतं आणि शेवटी सगळा गठ्ठा एका मुठीत येतो. तिने पान हातात घेतलं, ताणलं, सोडलं, आणि म्हणाली, "निऱ्या खोचल्या नाहीत तर सुटतात गं, ही सुटत नाहीत." अगदी बरोबर. निरी आपण घालतो, ही पानातच असते. म्हणून पत्रकात आता लिहिलंय 'पंख्यासारखी उभ्या चुण्यांची पानं', आणि वर्णनाला एक शब्द हवाच असेल तिथे 'चुणीदार'. घराच्या पन्हाळी पत्र्यासारखं असंही कंसात टाकलंय, कारण मुलांना ते पटकन दिसतं आणि कारणही तेच आहे, पातळ पत्र्याला चुण्या दिल्या की तो वाकत नाही, तसं पातळ पान ताठ उभं राहतं.

ॲपची पुढची परीक्षा मी माडावरून घेतली. सगळ्या ताडवर्गी झाडांचं पान कोंबात असताना असंच चुणीदार असतं आणि मग त्या चुण्यांवरच फाटत जाऊन झावळीची एकेक पाती सुटी होते. पण फाटतं कुठे यावर दोन प्रकार पडतात. शिंदीची पाती देठापाशी बघितली तर पन्हळीसारखी, वर उघडी, पाणी साचेल अशी. त्याला 'इंड्युप्लिकेट' म्हणतात. भेरली माड पण त्याच गटात. आणि आपला नारळ, पोफळ यांची पाती उलटी, कौलारू छपरासारखी, कणा वर आणि दोन्ही बाजू खाली, ती 'रेड्युप्लिकेट'. परसात जाऊन बघा, एका मिनिटात कळतं, फुलं फळं नसली तरी झाड कुठल्या बाजूचं ते सांगता येतं. ॲपमध्ये पहिला शब्द सापडलाच नाही. दुसऱ्याला अर्थ आला 'द्विरुक्त', म्हणजे व्याकरणातला, हळूहळू, घरोघर वगैरे. नारळाची पाती द्विरुक्त असते असं मी पत्रकात लिहिलं असतं तर?

न्यायाने एक गोष्ट सांगायला पाहिजे. 'कॉन्ड्युप्लिकेट'लाही त्यांनी 'दुमडलेला' असंच दिलंय आणि तिथे ते बऱ्यापैकी जमतं, कारण तो शब्द मधल्या शिरेवर एकदाच मिटलेल्या पानासाठी आहे, आपट्याचं, कांचनाचं कोवळं पान असतं तसं. म्हणजे त्या मुलाने आणलेलं आपट्याचं पान चुकीचं नव्हतं, त्याला दुसरा शब्द होता एवढंच. पुढच्या खेपेला मी त्याला ते मुद्दाम सांगितलं.

कस्टमर केअरला मी दोनदा मेल केला, पानाचा फोटो, दोन्ही अर्थ, उच्चार, सगळं लिहून. पहिल्याला 'तुमचा अभिप्राय महत्त्वाचा आहे' असं छापील उत्तर आलं. दुसऱ्याला काहीच नाही. त्यानंतर तीन अपडेट आले, रंग बदलला, शब्दांचा खेळ आला, 'प्लायकेट' अजून 'दुमडलेला'च आहे. तीन स्टार कापले ते मुख्यतः यासाठी. चूक कोणाचीही होते, पण फोटोसकट दाखवल्यावर तरी दुरुस्त करा की.

तेव्हा कोणाला घ्यायचं असेल तर असं सांगेन. शाळेची पुस्तकं, ऑफिसची पत्रं, रोजची बातमी यासाठी हवं असेल आणि तुमच्याकडे रेंजचा प्रॉब्लेम असेल तर घ्या, पण फुकटची आवृत्ती आधी महिनाभर वापरा. झाडं, प्राणी, मेडिकल, कायदा असलं काही भाषांतर करत असाल तर यावर पैसे घालू नका, मेरियम-वेबस्टर आणि मोल्सवर्थ दोन टॅबमध्ये उघडून ठेवा आणि शक्य असेल तर ती वस्तू हातात घ्या. मी रिन्यू करत नाहीये. पहिला पाऊस झालाय, सड्याखालच्या रानात मुसळीची पानं वर आलीत, येत्या रविवारी त्याच शाळेची मुलं येणार आहेत आणि या वेळी पत्रकात 'चुणीदार' छापलंय.