टीएसएस अर्न्स्लॉ: न्यूझीलंडची कोळशावरची आगबोट

क्वीन्सटाउनच्या सहलीत टीएसएस (ट्विन स्क्रू स्टीमर, म्हणजे दोन पंख्यांची आगबोट) अर्न्स्लॉ असतेच, पण बहुतेक लोक वाकाटिपू सरोवर आणि डोंगर पाहून उतरतात. डोंगर रस्त्यावरूनही दिसतात. तिकिटाचे पैसे वसूल होतात ते मधल्या डेकवर, उघड्या इंजिनघराच्या कठड्याशी.

१९१२ साली डनेडिनच्या जॉन मॅक्ग्रेगर कंपनीने ही बोट बांधली. सांगाड्याचे भाग सुटे करून रेल्वेने सरोवराच्या दक्षिण टोकाला, किंग्स्टनला नेले आणि तिथे पुन्हा जोडले. लांबी सुमारे ५१ मीटर. न्यूझीलंडच्या रेल्वेखात्याकडे असताना ती माणसांबरोबर मेंढ्या, गुरे आणि सामानही वाहायची. १९३६ मध्ये किंग्स्टनहून क्वीन्सटाउनपर्यंत रस्ता झाला आणि तिचे काम घटत गेले. १९६९ मध्ये एका पर्यटन कंपनीने ती भाड्याने घेतली, म्हणून भंगारात जायची वाचली. सरोवराचे पाणी गोडे, त्यामुळे पोलादाला समुद्रासारखा गंज चढत नाही, हेही तिच्या दीर्घायुष्याचे एक कारण.

इंजिने दोन, आणि बोट ढकलणारा पाण्यातला पंखा प्रत्येकाचा वेगळा. प्रत्येक इंजिनात वाफ एकामागून एक तीन सिलिंडरांतून जाते. दर टप्प्याला तिचा दाब उतरतो, म्हणून पुढचा सिलिंडर आधीच्यापेक्षा रुंद असतो. कमी दाबाच्या वाफेकडूनही मोठ्या दट्ट्यावर पुरेसे काम करून घेता येते. शेवटी वाफ थंड करून तिचे पाणी करतात आणि ते परत बॉयलरला देतात. कठड्यावरून तिन्ही सिलिंडरांच्या आकारांतला फरक पाहा, म्हणजे हे सगळे आपोआप उलगडते.

भट्टीवाल्यांकडे जरा जास्त वेळ थांबा. तासाला साधारण एक टन कोळसा फावड्याने टाकायचा, तोही पसरून, पातळ थरात. ढीग झाला तर खालून हवा मिळत नाही, कोळसा अर्धवट जळतो आणि धुरांड्यातून काळा धूर निघतो. भट्टीचे दार गरजेपेक्षा जास्त वेळ उघडे राहिले की थंड हवा आत शिरते आणि दाब उतरतो. राखेचे गठ्ठे जाळीवर चिकटले तर तेही वेळीच फोडून काढावे लागतात. हे कौशल्याचे काम आहे. धुराचा रंग पाहिलात तर खाली भट्टी कशी चालली आहे हे डेकवरूनही कळते.

सरोवरापलीकडच्या वॉल्टर पीक फार्मच्या धक्क्याला लागताना मात्र इंजिनघरातच असावे. वरून कप्तानाचा हुकूम खाली पोचवणाऱ्या टेलिग्राफ या यंत्राची घंटा वाजते, इंजिनवाला तीच खूण परत देतो आणि मगच इंजिनाची दिशा बदलतो. एक इंजिन पुढे, दुसरे मागे, अशा जोरावर बोट जवळजवळ जागेवर वळवता येते.

जाऊन-येऊन सुमारे दीड तास. पलीकडच्या फार्मवरच्या जेवणाचे आणि मेंढ्यांच्या कार्यक्रमाचे तिकीट वेगळे. लहान मुले बरोबर असतील तर ते घ्यावे, फक्त बोटीसाठी जाणाऱ्याला नुसती फेरी पुरते. जाताना कठड्याशी गर्दी असते, परतीला बहुतेक जण वर फोटो काढत असतात, तेव्हा खाली निवांत पाहता येते. इंजिनघर चांगलेच गरम असते, जॅकेट हातात ठेवा. वर उघड्या डेकवर मात्र वारा बोचतो. धुरांड्याच्या मागे, वाऱ्याच्या दिशेला बसलात तर काजळी अंगावर येते, पांढरे कपडे नकोत. दम्याचा त्रास असणाऱ्यांनी पुढच्या बाजूला बसावे.

दरवर्षी तपासणी-दुरुस्तीसाठी, बहुधा मे-जूनच्या सुमारास, ही बोट काही आठवडे बंद असते आणि तिच्या जागी दुसरी बोट सोडतात. त्या दिवसांत जाणार असाल तर तिकीट काढण्याआधी अर्न्स्लॉच निघणार आहे ना, हे विचारून घ्या. नसेल तर तारीख बदला. साध्या बोटीतून पलीकडे जाण्यासाठी एवढे पैसे घालू नयेत.