प्वारोचा संपूर्ण डीव्हीडी संच: सुशेसाठी घ्या

अगाथा ख्रिस्तीच्या गुप्तहेर प्वारोवरच्या, आयटीव्ही या ब्रिटिश वाहिनीच्या 'अगाथा ख्रिस्तीज प्वारो' मालिकेचे १९८९ ते २०१३ मधले सगळे ७० भाग या ब्रिटिश संचात आहेत. निव्वळ रहस्यकथांसाठी घेतलात तर थोडी निराशा होईल, कारण काही रूपांतरं फसलेली आहेत. घ्यायचा तो प्वारो साकारणाऱ्या डेव्हिड सुशेसाठी.

आधी व्यवहाराचं. डीव्हीडी जगाच्या ठरावीक विभागापुरत्या (रीजन) चालतात: ब्रिटनच्या डीव्हीडी रीजन २ च्या, भारत रीजन ५ मध्ये. त्यामुळे इथला साधा प्लेअर चकती नाकारू शकतो. मल्टी-रीजन प्लेअर आहे ना, ते आधी बघा. पाल आणि एनटीएससी या टीव्हीच्या चित्रपद्धतींचा घोळ नाही, दोन्हीकडे पालच. संगणकाच्या ड्राइव्हचा रीजन बदलता येतो, पण साधारण पाचदाच. मग तो कायमचा अडकतो. सुरुवातीचे भाग ४:३, म्हणजे जुन्या टीव्हीसारख्या जवळजवळ चौकोनी चित्राचे आहेत. टीव्ही 'स्ट्रेच'वर राहिला तर आधीच गोल असलेला प्वारो आणखी पसरतो.

सुशेनं मूळ कथा वाचून प्वारोच्या सवयींची ९३ कलमी यादी केली होती. ती तुरुतुरु चाल दोन कुल्ल्यांमध्ये नाणं धरून चालण्याच्या सरावातून आली. आवाज त्यानं छातीतून वर, डोक्यात नेला. पॅडिंग आणि मिशी कुणालाही लावता येते, हे मात्र कुणालाही जमत नाही. पहिल्याच भागात, 'क्लॅपहॅम कुक'मध्ये, एका गिनीचा (जेमतेम पौंडभराचा) चेक हाती पडल्यावर झालेला अपमान बघा: चेहरा जवळजवळ हलतच नाही.

सगळं ओळीनं बघायचा हट्ट नको. पन्नास मिनिटांचे जुने भाग आधी घ्या. प्वारोचा मित्र हेस्टिंग्ज, इन्स्पेक्टर जॅप आणि सेक्रेटरी मिस लेमन यांच्यामुळे त्यांत जान आहे. मग १९९२ चा 'एबीसी मर्डर्स'. २००० चा 'रॉजर ॲक्रॉइड' खुशाल सोडा. पुस्तकातल्या निवेदनाची करामत पडद्यावर उरलेलीच नाही. २००३ पासून मालिकेचा सूर गंभीर होतो, हेस्टिंग्ज, जॅप, लेमन हे तिघं २०१३ च्या 'बिग फोर'पर्यंत गायब. तरी 'फाइव्ह लिटल पिग्ज' उत्तम. २०१० च्या 'ओरिएंट एक्स्प्रेस'चं शेवटचं दृश्य तर बर्फ, हातातली जपमाळ आणि भरून आलेले डोळे एवढ्यावरच उभं आहे. मालिकेचा अखेरचा भाग 'कर्टन' शेवटीच ठेवा, पण त्याचं चित्रीकरण अखेरच्या पर्वात सर्वांत आधी झालं. शेवटी चित्रित झाला तो 'डेड मॅन्स फॉली', तोही ख्रिस्तीच्या डेव्हनमधल्या ग्रीनवे या घरी.

या संचात नाही ते म्हणजे उरलेला सुशे. १९८५ च्या 'थर्टीन ॲट डिनर' या टीव्हीपटात प्वारो होता पीटर उस्तिनोव्ह आणि इन्स्पेक्टर जॅप होता चक्क सुशे! तो कुतूहलापुरता ठीक. बीबीसीची २००१ ची 'द वे वी लिव्ह नाउ' मात्र वेगळी विकत घ्याच: त्यातला धटिंगण भांडवलदार मेलमॉट बघताना प्वारोची आठवणही येत नाही.