चिचेन इत्झा की कोबा? माया अवशेष आणि सेनोतेतलं पोहणं एकाच दिवसात बसवताना

अमेरिकेत राहणारी बरीच मराठी कुटुंबं थँक्सगिव्हिंगच्या किंवा नाताळच्या सुट्टीत मेक्सिकोतल्या कानकूनला जातात. भारतातून आलेले आई-बाबाही पुष्कळदा सोबत असतात. भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा वैध व्हिसा असला तर मेक्सिकोचा वेगळा पर्यटक व्हिसा लागत नाही, हेही त्यामागचं एक कारण. समुद्रकिनाऱ्याचे दिवस धरून एक दिवस प्राचीन माया संस्कृतीच्या अवशेषांसाठी राखलेला असतो. हॉटेलच्या लॉबीत ढीगभर पत्रकं दिसतात, पण नीट पाहिलं तर मुख्य निवड दोन सहलींतली आहे. एक म्हणजे चिचेन इत्झा, जवळचा इक किल सेनोते (सेनोते म्हणजे चुनखडीच्या दगडातला पाण्याने भरलेला नैसर्गिक खड्डा किंवा गुहा) आणि परतीच्या वाटेवर वायादोलिद गाव. दुसरी म्हणजे कोबाचे जंगलातले अवशेष आणि जवळचे तीन भूमिगत सेनोते. ‘एक बालाम’ आणि ‘तुलुम’ या आणखी दोन पर्यायांकडे शेवटी येतो.

माझं मत आधीच सांगतो. पाहण्याची जागा म्हणून चिचेन इत्झा मोठी आहे, पण घालवायचा दिवस म्हणून कोबा चांगला. लोक दोन पिरॅमिडांची तुलना करून सहल ठरवतात. प्रत्यक्षात दिवस चांगला जाणार की दमवणार, हे दोन गोष्टींवर ठरतं: तुम्ही अवशेषांपाशी किती वाजता पोहोचता, आणि पाण्यापर्यंत किती पायऱ्या उतराव्या लागतात.

घड्याळ

कानकून, प्लाया देल कारमेन, तुलुम आणि कोबा हे सगळं किंताना रो राज्यात येतं, तर चिचेन इत्झा आणि वायादोलिद युकातान राज्यात. किंताना रोने २०१५ मध्ये आपली वेळ बदलली, तेव्हापासून ते वेगळ्या कालक्षेत्रात आहे. मेक्सिकोत उन्हाळी वेळ २०२२ मध्ये जवळपास सगळीकडे रद्द झाली, त्यामुळे आता वर्षभर चिचेन इत्झाचं घड्याळ कानकूनच्या एक तास मागे असतं. म्हणजे सकाळी जाताना एक तास हातात पडतो आणि संध्याकाळी परतताना तो द्यावा लागतो.

कानकूनपासून चिचेन इत्झा साधारण २०० किलोमीटर, सरळ गाडीने अडीच तास. सकाळी सहाला निघालात तर तिथल्या वेळेनुसार साडेसातला पोहोचता आणि आठला दार उघडताना रांगेत पुढे असता. पण मोठ्या बसच्या सहली अशा चालत नाहीत. त्या आधी हॉटेलाहॉटेलांतून प्रवासी गोळा करतात, मग एखाद्या हस्तकलेच्या दुकानापाशी थांबतात, आणि अवशेषांपाशी पोहोचेपर्यंत ऊन डोक्यावर आलेलं असतं. काही सहली आधी सेनोते आणि जेवण उरकतात, अवशेष दुपारनंतर दाखवतात. भर दुपारी त्या मोकळ्या मैदानात सावली फार कमी असते. वृद्ध माणसं किंवा लहान मुलं सोबत असतील तर हा क्रम मी कधीच निवडणार नाही.

कोबाला ही अडचण मुळातच कमी. तुलुमपासून जेमतेम ४५ किलोमीटर, घड्याळ तेच, आणि अवशेष दाट झाडीत. कानकूनहून मात्र कोबासुद्धा दोन तासांच्या आसपास पडतं, त्यामुळे कोबा जवळ आहे हे खरं तुलुम किंवा प्लायाला उतरलेल्यांसाठी.

अवशेष

चिचेन इत्झाच्या बाजूने जे बोलायचं ते इथे. १९८८ पासून ही जागा युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या यादीत आहे. कुकुलकान या सर्पदेवाचा पिरॅमिड वरच्या मंदिरासह सुमारे ३० मीटर उंच. चारही बाजूंना ९१ पायऱ्या आणि वर मंदिराची एक, मिळून ३६५. मार्च आणि सप्टेंबरमधल्या विषुवदिनांच्या सुमारास दुपारच्या उन्हात उत्तरेकडच्या कठड्यावर सावलीचे त्रिकोण पडतात आणि तळाशी कोरलेल्या सर्पमुखापर्यंत नागमोडी आकृती तयार होते. पिरॅमिडासमोर टाळी वाजवली की पायऱ्यांवरून येणारा प्रतिध्वनी पक्ष्याच्या चिवचिवाटासारखा ऐकू येतो, आणि प्रत्येक गाइड तो ऐकवतोच. चेंडूच्या खेळाचं मैदान १६८ मीटर लांब आहे. मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतल्या अशा प्राचीन मैदानांत हे सर्वांत मोठं. एल काराकोल या गोल इमारतीच्या खिडक्या शुक्राच्या उदयास्ताच्या दिशांशी जुळतात, असं अभ्यासक मानतात. ही सगळी माहिती सांगणारा माणूस जवळ नसेल तर समोर फक्त दगड दिसतात, म्हणून चिचेन इत्झात गाइडवरचा खर्च वाया जात नाही. मात्र चाळीस जणांच्या गटामागे धावण्यापेक्षा प्रवेशद्वारापाशी मिळणारा परवानाधारक गाइड फक्त आपल्या कुटुंबासाठी घेणं कितीतरी चांगलं. दहा-बारा वर्षांच्या मुलाने प्रश्न विचारले तर उत्तर द्यायला तो थांबू शकतो.

एक गैरसमज आधीच दूर व्हावा. चिचेन इत्झाच्या आवारातला ‘पवित्र सेनोते’ पोहण्यासाठी नाही. सुमारे ६० मीटर रुंदीच्या त्या खड्ड्यात पर्जन्यदेव चाकसाठी सोनं, जेड, धूप आणि माणसंही अर्पण केली गेली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसन या अमेरिकी वाणिज्यदूताने तो उपसला आणि सापडलेल्या वस्तूंचा मोठा भाग हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात गेला. गाइडने हा भाग घाईत उरकला तर त्याला थांबवून विचारा, कारण या प्रदेशातलं पाणी आणि देव यांचं नातं इथे सर्वांत स्पष्ट दिसतं.

कोबात असं नजरेत भरणारं एकच दृश्य नाही. शहर पसरलेलं आहे, बराचसा भाग अजून झाडीखाली आहे. मुख्य पिरॅमिड नोहोक मुल सुमारे ४२ मीटर उंच, म्हणजे कुकुलकानच्या पिरॅमिडाहून उंच. प्रवेशद्वारापासून तिथवर जंगलातून चालत जावं लागतं. चालवत नसेल तर आत भाड्याच्या सायकली मिळतात आणि चालक असलेल्या तीन चाकी सायकलीही. गुडघे दुखणाऱ्या आईला त्या सायकलीत बसवून सावलीतून नेता येतं. चिचेन इत्झात अशी सोय नाही, आणि माझ्या दृष्टीने बऱ्याच कुटुंबांचा निर्णय इथेच व्हायला हवा.

कोबात मन लावून पाहावं असं आणखी काही असेल तर ते रस्ते. माया लोकांनी जमिनीपेक्षा उंच उचलून बांधलेले, चुनखडीने पांढरे केलेले हे रस्ते शहरातून अनेक दिशांना जातात. त्यांतला सर्वांत लांब सुमारे १०० किलोमीटर पश्चिमेला याशुना या शहरापर्यंत जातो, आणि याशुना चिचेन इत्झाच्या दक्षिणेला अगदी जवळ आहे. आपण ज्या दोन जागांमध्ये निवड करतो आहोत, त्या परिसरांना जोडणारा रस्ता माया काळातच बांधला गेला होता. चाक आणि ओझ्याची जनावरं न वापरणाऱ्या समाजाने तो बांधला, हे आठवून त्या पांढऱ्या वाटेवर चालताना मला दरवेळी आदर वाटतो. कोबातले कोरीव शिलास्तंभ मात्र पावसापाण्याने फार झिजलेत. गवती छपराखाली उभ्या त्या दगडांवर काय आहे हे गाइडशिवाय कळणं कठीण.

चढाईबद्दल थोडक्यात. चिचेन इत्झात मुख्य पिरॅमिडवर चढणं बंद होऊन बरीच वर्षं झाली. कोबातली चढाई २०२० मध्ये महामारीच्या काळात थांबली, आणि अशा ठिकाणचे नियम बदलत राहतात. चढायला मिळेल एवढ्यासाठी कुठलीच सहल ठरवू नका.

पाणी

उत्तर युकातानात जमिनीवरून वाहणाऱ्या नद्या नाहीत. चुनखडीचा दगड, त्यात मुरणारं किंचित आम्लधर्मी पावसाचं पाणी, त्यातून पोखरलेल्या गुहा आणि कालांतराने कोसळलेलं छत. सेनोते घडले ते असे. आपल्या सह्याद्रीचा बेसॉल्ट ज्या उद्रेकांतून साठला, त्यांच्याच कालखंडात, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, युकातानच्या उत्तर किनाऱ्यावर चिक्शुलुबचा लघुग्रह आदळला. डायनोसॉर संपण्यामागे आघात किती आणि दख्खनचे ज्वालामुखी किती, हा वाद या दोन भूभागांभोवतीच चालतो. काही गाइड सगळेच सेनोते त्या आघाताचे असल्याचं सांगतात, ते बरोबर नाही. त्या आघाताने झालेल्या विवराच्या कडेने दिसणारं सेनोतेंचं कडं मेरिदा शहराभोवती आहे. इक किल, कोबा किंवा तुलुमचे सेनोते त्यात येत नाहीत.

इक किल म्हणजे वरून उघडा, गोल, विहिरीसारखा सरळ खाली गेलेला खड्डा. काठावरून लांब वेली खाली लोंबतात, दुपारी प्रकाशाचा झोत पाण्यावर पडतो. फोटोंत दिसतो तितकाच सुंदर आहे. पण पाणी जमिनीपासून सुमारे २६ मीटर खाली, आणि दगडात कोरलेल्या पायऱ्या ओल्या. पाण्याची खोली चाळीस मीटरच्या पुढे, उथळ भाग नाही. लाइफ जॅकेट मिळतं, धरायला दोर असतात, तरी न पोहणाऱ्याला पहिल्या पावलाखाली तळ लागत नाही आणि त्याची भीती वाटते. चिचेन इत्झाच्या बहुतेक बसगाड्या दुपारी इथेच येतात, त्यामुळे त्या वेळी पायऱ्यांवर रांग आणि पाण्यात गर्दी असते. सकाळी लवकर किंवा बसगाड्या गेल्यावर ही जागा वेगळीच वाटते, पण गटाच्या सहलीत ती वेळ तुमच्या हातात नसते.

कोबाजवळचे तीन सेनोते, चो-हा, तामकाच-हा आणि मुल्तुम-हा, अवशेषांपासून थोड्या किलोमीटरवर आहेत. तिन्ही जमिनीखाली. लहानशा तोंडातून लाकडी जिन्याने गुहेत उतरायचं, छताला लवणस्तंभ, पाणी काचेसारखं स्वच्छ. चो-हा सर्वांत शांत, काही ठिकाणी उथळ. घाबरणाऱ्यांनी सुरुवात इथून करावी. तामकाच-हामध्ये उडी मारण्यासाठी पाच आणि दहा मीटर उंचीचे लाकडी मंच आहेत. तरुण मुलं तिथून हलत नाहीत. मुल्तुम-हा खोल घुमटासारखा, छतातल्या छोट्या भोकातून प्रकाश येतो. जिने गोल आणि ओलसर आहेत, म्हणून गुडघेदुखी असलेल्यांनी तिन्ही करण्याचा हट्ट धरू नये, एक पुरे. बंदिस्त जागेचा त्रास असणाऱ्यांना मात्र कोबाचे सेनोते सोसणार नाहीत. त्यांच्यासाठी उघडा इक किलच बरा.

दोन्हीकडे पाण्यात उतरण्याआधी शॉवर घ्यावा लागतो आणि सनस्क्रीन लावून उतरू देत नाहीत. हा नियम मनापासून पाळा. सगळा प्रदेश याच भूजलावर जगतो, आणि चुनखडीत पाणी गाळून स्वच्छ करणारे मातीचे थर फारसे नाहीत; वर धुतलेलं सगळं खाली जातं. पूर्ण बाह्यांचा पोहण्याचा टॉप आणि लेगिंग घातली की उन्हाचा प्रश्न क्रीमशिवाय सुटतो. साडी-सलवारीची सवय असलेल्या आई-मावशींनाही त्या कपड्यांत संकोच वाटत नाही.

पैसे आणि ताट

चिचेन इत्झाची जाहिरातीतली किंमत स्वस्त दिसते, पण तिथे प्रवेशासाठी केंद्र आणि राज्य सरकार दोघांचं शुल्क असतं, आणि स्वस्त सहलींमध्ये ते पुष्कळदा धरलेलं नसतं. सेनोतेचं प्रवेशशुल्क, लाइफ जॅकेट आणि लॉकर यांचंही तसंच. बुक करताना हे चारही लेखी विचारा. कोबात सेनोतेंचं शुल्क अवशेषांच्या शुल्काहून वेगळं असतं.

जेवण बहुतेक सहलींत बुफे असतं. शाकाहारी असाल तर फक्त ‘मांस नको’ म्हणून भागत नाही; कोंबडी, मासे आणि डुकराची चरबी वेगळी सांगावी लागते. राजम्यासारख्या काळ्या घेवड्याच्या शिजवलेल्या डाळीत ही चरबी सर्रास घालतात. बटाटा, भात, टॉर्टिया आणि फळं यांवर दिवस निघतो, तरी जवळ थेपले किंवा दशम्या असू द्या.

बाकीचे दोन पर्याय

‘एक बालाम’ वायादोलिदच्या उत्तरेला आहे. तिथल्या अक्रोपोलिस नावाच्या उंच वास्तूवर राजा उकित कान लेक तोक याच्या थडग्याचं दार राक्षसाच्या उघड्या जबड्याच्या आकाराचं आहे, आणि त्याभोवतीच्या चुन्याच्या मूर्ती इतक्या शाबूत आहेत की मी तरी चिचेन इत्झात इतकं नाजूक काम पाहिलेलं नाही. शेजारचा श्कान्चे सेनोते सायकलने दीड किलोमीटर. भाड्याची गाडी आणि वायादोलिदला मुक्काम असेल तर हाच माझा पहिला पर्याय.

तुलुमचे अवशेष तटबंदीच्या आत, समुद्रावरच्या कड्यावर आहेत. इमारती लहान, दृश्य मोठं. दोस ओखोस किंवा ग्रान सेनोतेसह ते अर्ध्या दिवसात होतं. अगदी लहान मुलं असतील तर हे पुरेसं आहे.

तर पहिल्यांदा जात असाल, इतिहासात खरा रस असेल आणि पहाटे खासगी गाडीने निघायची तयारी असेल, तर चिचेन इत्झा घ्या आणि सेनोते नंतर करा. बसनेच जायचं असेल, सोबत सत्तरीतले आई-बाबा असतील किंवा पोहणं हाच मुख्य आनंद असेल, तर कोबा. कुठलीही घेतलीत तरी रविवार टाळा. त्या दिवशी मेक्सिकन नागरिकांना अवशेषांत मोफत प्रवेश असतो, आणि चिचेन इत्झात दूरदूरच्या गावांतून कुटुंबं येतात.