नळी वाचवावी की पोटाचा पडदा? पेरिटोनियल डायलिसिसमधील संसर्ग आणि त्यावरच्या उपायांची तुलना

मूत्रपिंडे निकामी झाली की पोटात बसवलेल्या नळीतून बॅगेतले द्रावण आत सोडतात, पोटाच्या आतल्या पडद्यातून रक्तातली घाण त्यात उतरते आणि मग ते पाणी बाहेर काढतात; हेच पेरिटोनियल, म्हणजे पोटाचे डायलिसिस. ते घरी सुरू झाले की नळीची राखण घरच्यांकडे येते आणि तिच्यासोबत काही निर्णयही येतात. रोज कोणते मलम लावायचे, नळीच्या तोंडाशी लाली दिसली तर गोळ्यांवर भागेल का, पाणी गढूळ आले तर किती दिवस वाट पाहायची, आणि डॉक्टर नळी काढा म्हणाले तर लगेच होकार द्यायचा की आणखी एक प्रयत्न करून पाहायचा, हे ते निर्णय. आईच्या बॅगा आम्ही सहा वर्षे घरी बदलल्या आणि या चारही प्रश्नांतून गेलो. औषध आणि त्याची मात्रा नेफ्रॉलॉजिस्टनेच (मूत्रपिंडतज्ज्ञाने) ठरवायची असते. पण पर्यायांमधला फरक आधी कळलेला असेल तर त्यांच्यासमोर बसून नेमके विचारता येते, म्हणून हा आढावा.

संसर्ग तीन ठिकाणी होतो आणि तिन्हींचे वजन सारखे नाही. आज वापरातल्या बहुतेक नळ्या १९६८ साली हेन्री टेंकॉफ यांनी मांडलेल्या रचनेवर बेतलेल्या असतात. नळी सिलिकॉनची असते आणि तिच्यावर डेक्रॉन या कृत्रिम धाग्याचे दोन कफ, म्हणजे पट्टे असतात. एक पोटाच्या स्नायूपाशी आणि दुसरा त्वचेखाली, बाहेरच्या छिद्रापासून किमान दोन सेंटिमीटर आत. या कफांमध्ये शरीराच्या पेशी वाढतात आणि जंतूंची वाट अडवणारे बूच तयार होते. छिद्रापाशी पू आला तर तो एक्झिट साइटचा संसर्ग. तो कफ ओलांडून त्वचेखालच्या बोगद्यात शिरला तर टनेलचा. आणि पोटाच्या आतल्या पडद्यापर्यंत पोहोचला तर पेरिटोनायटिस. पेरिटोनायटिस मात्र दर वेळी याच वाटेने येतो असे नाही. बॅग जोडताना टोकाला हात लागल्यानेही तो होतो आणि आतड्यातून येणाऱ्या जंतूंमुळेही होतो, म्हणूनच बद्धकोष्ठ आणि जुलाब या दोन्ही गोष्टी या रुग्णांत हलक्यात घेऊ नयेत.

नळी बसवतानाच्या गोष्टींबद्दल थोडक्यात सांगतो, कारण त्या ठरलेल्या आहेत आणि त्यांत निवडीला फारसा वाव नाही. शस्त्रक्रियेपूर्वी प्रतिजैविकाचा एक डोस दिला जातो. छिद्राचे तोंड खाली किंवा बाजूला असावे, वर नसावे, म्हणजे घाम आणि पाणी आत साचत नाही. छिद्राची जागा रुग्णाला उभे करून आणि बसवून, नेहमीच्या कपड्यांत ठरवावी, हा आग्रह मात्र घरच्यांनी जरूर धरावा. परकराची नाडी किंवा पॅन्टचा पट्टा नेमका छिद्रावर येत असेल तर ती जागा रोज घासली जाते आणि मग कोणतेही मलम पुरे पडत नाही. पहिले ड्रेसिंग साधारण आठवडाभर उघडू नये, आणि छिद्र पूर्ण भरून स्थिरावायला चार ते सहा आठवडे लागतात.

खरी निवड सुरू होते ती रोजच्या मलमापासून. प्रतिजैविक मलम रोज छिद्राला लावावे, यावर आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांचा भर आहे. प्रश्न म्युपिरोसिन की जेंटामायसिन एवढाच उरतो. म्युपिरोसिनचा रोख स्टॅफिलोकोकस ऑरियस या जंतूवर आहे, जो अनेकांच्या नाकात कायम वस्तीला असतो आणि हातामार्फत छिद्रापर्यंत येतो. ओलाव्यात वाढणाऱ्या स्युडोमोनास या जंतूवर त्याचा उपयोग होत नाही. जेंटामायसिन दोघांवरही चालते. २००५ साली अमेरिकेत १३३ रुग्णांवर झालेल्या दुहेरी अंध (कोणाला कोणते मलम हे रुग्ण आणि डॉक्टर दोघांनाही न कळणाऱ्या) चाचणीत या दोन मलमांची थेट तुलना झाली. छिद्राच्या संसर्गाचे प्रमाण जेंटामायसिन लावणाऱ्यांत दर रुग्णवर्षाला (एका रुग्णामागे वर्षाला) ०.२३ आणि म्युपिरोसिन लावणाऱ्यांत ०.५४ निघाले, आणि जेंटामायसिनच्या गटात छिद्राला स्युडोमोनासची लागण एकदाही झाली नाही. एवढ्यावरून निकाल लावून टाकावा असे वाटेल. परंतु जेंटामायसिन दीर्घकाळ वापरल्यावर त्याला न जुमानणारे जंतू, बुरशी आणि क्षयरोगाच्या जंतूंचे दूरचे भाऊबंद असलेले मायकोबॅक्टेरिया छिद्रापाशी आढळल्याच्या नोंदीही आहेत.

माझे मत असे की घरातले पाणी आणि रुग्णाचा इतिहास पाहून निवड करावी. बोअरवेलचे किंवा टाकीत साठवलेले पाणी, कोकणातल्यासारखा चार महिन्यांचा पावसाळा, ड्रेसिंग वारंवार ओले होणे, किंवा पूर्वी एकदा स्युडोमोनास निघालेला असणे, अशा स्थितीत जेंटामायसिनकडे झुकावे. नाकात स्टॅफिलोकोकस सापडला असेल आणि छिद्र कोरडे राहत असेल तर म्युपिरोसिन पुरेसे आहे. मलम बदलले तरी ते रोज लावले जाणे महत्त्वाचे, आठवण येईल तेव्हा नव्हे. आणखी एक गोष्ट मी हात जोडून सांगेन: दुकानातून ट्यूब आणल्यावर तिच्यावरची बारीक अक्षरे वाचा. आपल्याकडे जेंटामायसिन बीटामेथासोनसोबत एकत्र करून सर्रास विकले जाते. बीटामेथासोन हे स्टेरॉइड आहे. त्याने लाली तात्पुरती मावळते, त्वचा पातळ होते आणि बुरशीला रान मोकळे मिळते. आमच्याकडेही अशी ट्यूब आली होती आणि पी.डी. (पेरिटोनियल डायलिसिस) नर्सने ती हातात घेताच बाजूला ठेवली.

मधाचा प्रश्नही इथेच घेतो, कारण शेजारीपाजारी हमखास सुचवतात. ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंडमध्ये ३७१ रुग्णांवर औषधी, निर्जंतुक मधाची चाचणी झाली. नेहमीच्या काळजीहून, म्हणजे नाकात जंतू असणाऱ्यांना नाकात म्युपिरोसिन देण्याहून, मध सरस ठरला नाही, आणि मधुमेहींमध्ये तर मधाच्या गटात संसर्ग अधिक झाले. प्रयोगशाळेतून आलेल्या मधाची ही गत असेल तर घरच्या बरणीतला मध आणि हळद छिद्रापासून लांबच ठेवावी. धुण्यासाठी क्लोरहेक्सिडीन, पोव्हिडोन आयोडीन की साधा साबण, यांत कोणीही निर्विवाद वरचढ ठरलेला नाही. त्वचेला जे सोसते ते वापरावे आणि धुतल्यावर जागा पूर्ण कोरडी करावी.

आता संसर्ग झाल्यावरचे पर्याय. नुसती लाली किंवा सुकलेली खपली म्हणजे संसर्ग नव्हे. पू हे खरे लक्षण. खपली कधीही ओढून काढू नये, ती भिजवून सुटू द्यावी. आईच्या छिद्रापाशी दोन दिवस थोडी लाली होती. नर्सने आतल्या कफाच्या बाजूने छिद्राकडे बोट हलके दाबत आणले, तेव्हा नळीच्या कडेने मोहरीएवढा पिवळसर थेंब वर आला, आणि आम्ही ज्याला घामोळे समजत होतो ते काय आहे ते कळले. तो थेंब आधी तपासणीला गेला आणि मगच गोळ्या सुरू झाल्या. हा क्रम उलटा झाला तर जंतू ओळखणे अवघड होते.

२०२३ च्या आंतरराष्ट्रीय सूचनांनुसार छिद्राच्या साध्या संसर्गाला सात ते दहा दिवसांचे प्रभावी प्रतिजैविक पुरते. स्युडोमोनास असेल किंवा बोगद्यात संसर्ग असेल तर किमान तीन आठवडे. स्टॅफिलोकोकससाठी सेफॅलेक्सिनसारखी गोळी चालते, स्युडोमोनाससाठी बहुधा सिप्रोफ्लॉक्सासिनपासून सुरुवात होते, आणि इथे एक चूक वारंवार घडते: जेवणासोबतची कॅल्शियमची किंवा लोहाची गोळी आणि सिप्रोफ्लॉक्सासिन एकत्र घेतले तर प्रतिजैविक पोटातच बांधले जाते आणि रक्तात पुरेसे पोहोचत नाही, म्हणून दोहोंत काही तासांचे अंतर ठेवावे लागते. रिफाम्पिसिनचा पर्याय पुढे आला तर तो सहज स्वीकारू नये. क्षयरोग इतका पसरलेल्या देशात क्षयरोगावरचे ते औषध राखून ठेवण्याचे आहे आणि एकट्याने तर ते कधीच दिले जात नाही.

पूर्ण उपचार होऊनही छिद्र कोरडे झाले नाही तर दोन वाटा उरतात. एक म्हणजे बाहेरच्या कफावरची त्वचा उघडून तो कफ खरवडून काढणे, ज्यात नळी तीच राहते. दुसरी म्हणजे जुनी नळी काढून त्याच शस्त्रक्रियेत नव्या जागी दुसरी बसवणे. पहिलीत शस्त्रक्रिया लहान असते, पण जंतूंना अडवणारे एक बूच कायमचे जाते आणि संसर्ग परतण्याची शक्यता उरते. दुसरीत शस्त्रक्रिया मोठी असली तरी दुखण्याचे मूळच निघून जाते. स्युडोमोनास असेल तर मी दुसरीकडेच झुकेन, कारण तो नळीच्या पृष्ठभागावर चिवट थर धरून बसतो.

पेरिटोनायटिसमध्ये वेळेचा हिशेब तासांत असतो. बाहेर आलेली बॅग छापील कागदावर ठेवून अक्षरे वाचता येतात का, हे आम्ही रोज पाहत असू. एका रविवारी अक्षरे पुसट दिसली आणि उद्या दवाखाना उघडेल म्हणून आम्ही थांबलो. ती आमची चूक होती आणि तिची किंमत आईने दुखण्यात मोजली. गढूळ पाणी आले की ती बॅग घेऊन त्याच दिवशी निघावे. पोटदुखी किंवा गढूळ पाणी; पाण्यात दर मायक्रोलिटरला १०० हून अधिक पांढऱ्या पेशी आणि त्यांतल्या निम्म्याहून अधिक पॉलिमॉर्फ (जंतूंशी लढणाऱ्या एका प्रकारच्या पांढऱ्या पेशी); आणि कल्चरमध्ये, म्हणजे जंतू वाढवून पाहण्याच्या तपासणीत, जंतू, या तिहींपैकी दोन गोष्टी जुळल्या की निदान होते. कल्चरसाठी पाणी रक्ताच्या कल्चरच्या बाटलीत घातले जाते ना, एवढे विचारून घ्यावे. त्यामुळे जंतू सापडण्याची शक्यता बरीच वाढते. प्रतिजैविक बॅगेतून थेट पोटात देणे शिरेतून देण्यापेक्षा सरस मानले जाते, कारण औषध संसर्गाच्या जागीच उतरते. रुग्णाला सेप्सिसची (संसर्ग सर्व शरीराला बाधल्याची) लक्षणे असतील तर मात्र शिरेतूनच द्यावे लागते. प्रतिजैविकांच्या काळात बुरशी माजू नये म्हणून फ्लुकोनॅझोल किंवा निस्टॅटिन जोडीला दिले जाते. चिठ्ठीवर ते दिसले नाही तर विचारावे.

सर्वांत अवघड निर्णय इथेच येतो. योग्य प्रतिजैविक सुरू असूनही पाच दिवसांत पाणी स्वच्छ होत नसेल तर नळी काढण्याची वेळ आलेली असते; बुरशी निघाली तर पाच दिवसही थांबायचे नसते. घरच्यांचा जीव नळीत अडकलेला असतो, कारण ती निघाली की मानेत तात्पुरती नळी घालून हिमोडायलिसिस (यंत्रातून रक्त शुद्ध करणे) करावे लागते, आठवड्यातून दोन-तीनदा शहर गाठावे लागते आणि त्या नळीलाही रक्तातल्या संसर्गाचा धोका असतोच. हा त्रास खरा आहे. तरीही नळी नवी मिळते, पोटाचा पडदा मात्र एकच आहे, आणि पू असलेल्या पोटात तो दिवसेंदिवस जाड होत जातो आणि आतडी एकमेकांना चिकटतात. लवकर काढल्यास पुन्हा पोटाच्या डायलिसिसकडे परतण्याची संधी बरीच टिकते.

नळी काढून त्याच वेळी नवी बसवणे आणि मध्ये खंड ठेवणे, यांत निवड संसर्गाच्या प्रकारावरून ठरते. संसर्ग केवळ छिद्राचा किंवा बोगद्याचा असेल, किंवा औषध संपल्यावर चार आठवड्यांच्या आत तोच जंतू पुन्हा उठत असेल आणि पाणी सध्या स्वच्छ झालेले असेल, तर एकाच शस्त्रक्रियेत बदल करता येतो आणि हिमोडायलिसिस बहुधा टळते. उपचारांना दाद न देणारा किंवा बुरशीचा पेरिटोनायटिस असेल तर नळी काढल्यावर किमान दोन आठवडे थांबावे लागते. आईच्या वेळी एकाच शस्त्रक्रियेत बदल झाला. नवे छिद्र उजव्या बाजूला, परकराच्या नाडीच्या वर घेतले, जुने टाके न घालता उघडेच ठेवून भरू दिले, आणि पहिले काही दिवस तिला आडवे झोपवून कमी मापाच्या बॅगा दिल्या, म्हणजे ताज्या जखमेवर दाब येऊन पाणी गळू नये.